काना

सुभाषनगरात, समाजमंदिराच्या मागच्या खोलीत
रात्री साडेआठला वर्ग. म्हणजे नऊ.
म्हणजे भांडी झाल्यावर, नवरा जेवल्यावर,
सासूच्या गुडघ्याला तेल चोळून झाल्यावर.
हजेरीपटावर सतरा जणी,
सतरंजीवर कधी सहा, कधी अकरा,
आणि मुमताज शिकलगारचा नातू,
जो कुणाच्याही मांडीवर झोपतो.

मी नाशिककडची. लग्न होऊन इथं आले
ती डी.एड.चा कागद आणि शुद्ध भाषा घेऊन.
पहिल्या आठवड्यात फळ्यावर लिहिलं:
मी घरी जाते.
सगळ्या हसल्या.
मालन सातपुते म्हणाली, "बाई, ह्ये कोण बोलतंय?
मी तर जातो."
मी सांगितलं, पुरुष जातो. बाई जाते.
"व्हय?" ती म्हणाली,
"मग आजवर मी कोण जात हुतो?"

तो आणि ते, फरक एका कान्याचा.
एक उभी काठी. ती पुसायची, एवढंच.
महिनाभर मी वह्यावह्यांतून काठ्या पुसत फिरले.
दुसऱ्या दिवशी त्या पुन्हा उभ्या.

मालनच्या तर्जनीला आरीचा जुना घट्टा.
खडू धरायची रापीसारखा, दाबून.
पहिल्या दिवशी तीन मोडले.
पण चामड्याच्या सुतळीएवढ्या वाद्या हातात आल्या की
वेणी आपोआप उतरायची,
बोलता बोलता, माझ्याकडं बघत, लेकराला दटावत.
चपलेला कान असतात हे तिनं मला शिकवलं.
काना तिला मी.
"आमचा कान पट्टा धरून ठेवतोय तळव्याला," ती म्हणाली,
"तुमचा काना काय धरतोय?"
डी.एड.ला हे नव्हतं.

दिवाळीच्या आधी चप्पल लाईनचा माणूस
हिशेबाची वही उघडी टाकून चहाला गेला.
मालननं बोट ठेवून वाचलं, अक्षर सोडून अक्षर,
मग रात्री वर्गात आम्हाला म्हणून दाखवलं:
दत्तू सातपुते. वेणी. चाळीस जोड.
"दत्तूला?" ती म्हणाली. "वेणी?
त्येला लेकीची घालता येत न्हाई."

हसणं संपल्यावर तिनं वहीचं पान फाडलं.
तासभर लागला.
वेण्या मी घालतो. चाळीस जोडाच्या.
पैसे माझ्या हातात द्यावेत.

माझ्या हातात लाल पेन.
घालतो तसंच ठेवलं तर दुकानदार म्हणणार,
दत्तूचाच कागद आहे, आणि दत्तूलाच देणार.
काठी पुसली तर…
हे सगळं मी तिला सांगितलं. लपवण्यासारखं काही नव्हतं.
ती बराच वेळ कागदाकडं बघत बसली.
"मग वाचणाऱ्यानं खालपतूर वाचावं की," म्हणाली,
आणि खाली नाव लिहिलं.
मालन.
त्यातही एक काना. तो इतका दाबला
की कागद फाटला, सतरंजीवर रेघ उमटली.
लाल पेनाचं टोपण मी काढलंच नाही.

दुकानदारानं निम्मे पैसे दिले.
बाकीचं भांडण चालू आहे.
दत्तू चार दिवस घरी जेवला नाही,
पाचव्या दिवशी जेवला.

मार्चमध्ये परीक्षा आहे.
पेपरात काय लिहायचं, जाते का जातो, असं विचारतात.
मी फळ्याकडं तोंड करून तारीख घालते.

काल दहा वाजता कुलूप लावताना
दाराबाहेर चपला करकरल्या,
एकेक म्हणत गेली, येतो बाई, येतो.
आणि माझ्याही तोंडून निघालं, येतो.
जरा अडखळत. काना तोंडातच मोडला.
मालन पायरीवरून वळली.
"कच्चं हाय अजून," म्हणाली,
"उद्या पुन्यांदा गिरवा."